फ्रीजमधला रोल

प्रत्यक्ष सूर्याशी भांडण असलेला माणूस मी आयुष्यात एकच पाहिला, आणि तो नेमका आमच्या कुंपणाला लागून राहायचा. लोकांची भांडणं भावाशी असतात, जावेशी असतात, गेला बाजार सोसायटीच्या सेक्रेटरीशी असतात. आमच्या शेजाऱ्यांनी थेट वरच हात घातला होता. २०११ साली न्यूझीलंडमध्ये हॅमिल्टनजवळ रोटोटुनाला आम्ही घर घेतलं, त्या दिवशी माझा नवरा आणि त्याचा मित्र ट्रकमधून सोफा उतरवत होते. एवढ्यात शेजारच्या हिरवळीवरून एक उंच, पांढरे केस पिंजारलेला म्हातारा ओरडला, "थांबा! दहा मिनिटं सोफा आत नेऊ नका." गळ्यातल्या दोरीला एक काळी गोल काच होती, ती डोळ्याला लावून तो आकाशाकडे बघत होता. नवीन देशात माणूस नियमांना फार घाबरतो. आम्हाला वाटलं, असेल बाई इथे कौन्सिलचा काही नियम. हे दोघं दहा मिनिटं तो तीन माणसांचा सोफा हातात धरून उभे राहिले, मी कुलूप हातात घेऊन उभी. मग ढग सरकला, उन्हाची एक तिरीप सोफ्यावर पडली, आणि म्हातारा समाधानाने म्हणाला, "हां. आता न्या. आता बरा दिसतोय." नवऱ्याची कंबर त्यानंतर आठवडाभर धरली होती.

हे गृहस्थ पोलंडचे. तिथे सिनेमाचे कॅमेरामन, पुढे दिग्दर्शक. त्यांचं आडनाव मला सांगता येणार नाही, कारण आठ वर्षांत ते मला एकदाही धड उच्चारता आलं नाही. माझी मुलगी, जिला मराठी सगळं समजतं आणि जी उत्तर मात्र इंग्रजीत देते, ती त्यांना 'आजोबा' म्हणायची. तिच्या तोंडी टिकलेला तेवढाच काय तो मराठी शब्द, म्हणून मीही तोच धरला. ते मला 'प्रोड्यूसर' म्हणत. त्यांच्या मते सिनेमाच्या धंद्यात जो जेवायला घालतो आणि वर बोलून घेतो, तो प्रोड्यूसर. पहिल्याच आठवड्यात मी आमटीचा डबा देऊन "भांडं लगेच परत करा हं" असं बजावलं होतं, त्यामुळे माझी नेमणूक तिथल्या तिथे झाली.

महाराष्ट्र मंडळात मी त्यांना पहिल्यांदा नेलं तेव्हा एका इतिहासप्रेमी काकांचे डोळे चमकले. महायुद्धाच्या काळात कोल्हापूरजवळ वळिवड्याला पोलिश निर्वासितांची मोठी वस्ती होती, हे काकांना तोंडपाठ. त्यांनी आजोबांचा हात हातात घेऊन सद्गदित होऊन विचारलं, "लहानपणी आपण वळिवड्याला होतात ना?" आजोबा म्हणाले, "नाही. मी आमच्याच गावात बटाट्याच्या तळघरात होतो." काका इतके हिरमुसले की बिचाऱ्यांनी पुढ्यातल्या साबुदाणा खिचडीलाही हात लावला नाही.

आजोबांची कारकीर्द त्यांच्याच तोंडून ऐकावी. पोलंडमध्ये त्यांनी अकरा सिनेमांचं छायाचित्रण केलं, आणि "त्यातले नऊ दिग्दर्शकांनी बिघडवले," असं ते अगदी निर्विकारपणे सांगत. मग बारावा कुणी बिघडवू नये म्हणून तो स्वतःच दिग्दर्शित करायला घेतला. गोष्ट एका घड्याळजीची होती. शेवटचा प्रसंग बार्लीच्या पिकल्या शेतात, मावळतीच्या उन्हात. सगळं युनिट शेताच्या कडेला जाऊन बसलं आणि आजोबा प्रकाशाची वाट बघू लागले. एक दिवस गेला, आठवडा गेला, दोन आठवडे गेले. नट दाढी वाढवून बसले. विसाव्या दिवशी प्रकाश आला, आणि काय आला म्हणता, तसा त्यांनी पुन्हा कधी पाहिला नाही. पण अठराव्या दिवशीच शेतकऱ्याने कंटाळून पीक कापून नेलं होतं. वरच्यांनी सिनेमा त्यांच्या हातातून काढून घेतला आणि दुसऱ्या कुणीतरी तो एका खोलीत, दिव्याखाली संपवला. "सरकारने बंदी घातली असती तर नाव तरी झालं असतं," ते म्हणायचे. "माझ्यावर एका शेतकऱ्याने बंदी घातली."

पुढे लोण्याच्या एका जाहिरातीसाठी दोन आठवडे म्हणून न्यूझीलंडला आले, ते राहिलेच. आता बघा, या देशाचं माओरी नावच लांबलचक पांढऱ्या ढगावरून पडलंय, आणि हा बाबा उन्हाची वाट बघायला नेमका इथे येऊन बसला! वर तक्रार काय, तर इथला सूर्य उलटा चालतो. पोलंडात तो दक्षिणेकडून जायचा, इथे उत्तरेकडून. तीस वर्षं झाली तरी त्यांना ते पटलेलं नव्हतं. सकाळी चहाचा कप घेऊन मागच्या अंगणात उभे राहत, आणि सूर्य छपरावर आला की रिटायर्ड हेडमास्तर उशिरा आलेल्या मुलाकडे बघतो तसं बघत. मी एकदा म्हटलं, "अहो, माझंही तसंच आहे की! पुण्यातही ऊन दक्षिणेकडून यायचं. मी नाही का सोडून दिलं?" त्यावर म्हणाले, "प्रोड्यूसर, तू दूध तपासतेस. दुधाला दिशा नसते." मी इथल्या दुधाच्या कारखान्यात प्रयोगशाळेत आहे, म्हणून हा टोमणा.

आमच्या घरात तर त्यांनी उच्छाद मांडला होता. पहिल्या दिवाळीला फराळाला बोलावलं, तर चकली हातात धरून वर छताकडे बघत राहिले आणि म्हणाले, "असल्या दिव्याखाली माणसं घटस्फोट घेतात." दुसऱ्या दिवशी शिडी घेऊन हजर! हॉलमधले चारही पांढरेफटक दिवे काढले आणि कोपऱ्यात दोन पिवळे लावून गेले. नवरा कुरकुरला की आता पेपर वाचता येत नाही. पण खरं सांगते, त्या दिवसापासून आमची भांडणं थोडी कमी झाली. पेपर दिसत नव्हता म्हणून की काय, कोण जाणे.

एकदा मंडळाच्या बालनाट्याचं व्हिडिओ शूटिंग त्यांच्यावर सोपवण्याचं धाडस मी केलं. सगळ्या आया नटूनथटून आल्या, पोरांनी पाठ केलेलं सगळं म्हटलं, टाळ्या झाल्या. आठ दिवसांनी व्हिडिओ लावला तर रंगमंच कुठेच नाही! पाऊण तास नुसते प्रेक्षकांतले आईबाप. कुणाचे ओठ पोराबरोबर हलतायत, कुणाचा श्वास पोर अडखळल्यावर अडकलाय, एक बाबा तर चक्क डोळे पुसतायत आणि शेजारच्याने बघितल्यावर चष्मा पुसल्याचं नाटक करतायत. मंडळात गदारोळ झाला. "आमची ससा झाली होती, ससा कुठाय?" मला तोंड दाखवायला जागा उरली नाही. पण गंमत अशी की पुढच्या महिनाभरात त्यातल्या एकेका आईने मला बाजूला घेऊन हळूच विचारलं, "त्या व्हिडिओची एक कॉपी मिळेल का गं?"

पण हे सगळं झालं व्हिडिओचं. व्हिडिओला ते 'पाणी' म्हणायचे, कितीही सांडलं तरी चालतं. खरी फिल्म त्यांच्याकडे एकच उरली होती. एक रोल, चालवला तर पावणेतीन मिनिटांचा. हा रोल डब्यात बंद होऊन त्यांच्या फ्रीजमध्ये राहायचा, थंडीत फिल्म टिकते म्हणून. त्या फ्रीजमध्ये तो रोल, अर्धं लिंबू आणि मी दिलेलं श्रीखंड यापलीकडे मी कधी काही पाहिलं नाही. एकदा फ्रीज बिघडला तर तो डबा छातीशी धरून धावत आमच्याकडे आले. तीन आठवडे तो माझ्या फ्रीजमध्ये कोथिंबिरीशेजारी होता आणि आजोबा रोज संध्याकाळी येऊन त्याची विचारपूस करून जात. मी एकदा वैतागून म्हटलं, "अहो, मग वापरा की एकदाचा! कशासाठी ठेवलाय?" तर म्हणाले, "बार्लीच्या शेतात जो प्रकाश उशिरा आला, तो माझं देणं लागतो. तो आला की वापरीन."

२०१४ साली त्यांनी तक्रार केली की आमचं कुंपण वाकडं आहे. नवऱ्याने पाहिलं, त्याला सरळ दिसलं. पण कॅमेरामन माणूस, रेषेतलं त्यांना जास्त कळणार, म्हणून त्याने अख्खा शनिवार पाणसळ घेऊन फळ्या उचकटून पुन्हा ठोकल्या. आजोबा म्हणाले, "अजून वाकडंच आहे." नवऱ्याने रविवारी पुन्हा ठोकल्या. मग ते म्हणाले की रस्त्यावरचा दिव्याचा खांबही वाकलाय. मग आमच्या दाराची चौकट. तेव्हा आमची ट्यूब पेटली. मी त्यांना गाडीत घालून डोळ्यांच्या डॉक्टरकडे नेलं. उजव्या डोळ्याचा पडदा झिजत चालला होता, डावा त्याच्या मागोमाग होता. फार तर दोनेक वर्षं, डॉक्टर म्हणाली. परत येताना आजोबा खिडकीबाहेर बघत म्हणाले, "सगळं आयुष्य उजवा डोळा नोकरीला होता आणि डावा मिटून पेन्शन खात होता. आता निवृत्त व्हायला दोघं बरोबर तयार." मी हसले आणि घरी येऊन रडले. मला त्या डोळ्यांपेक्षा त्या रोलचं वाईट वाटत होतं. हा माणूस वाट बघत बसणार, डोळे जाणार, आणि रोल श्रीखंडाशेजारी तसाच राहणार.

त्याच सुमारास माझ्या धाकट्या बहिणीचं लग्न ठरलं. तीही इथेच नोकरीला. मुलगा ऑकलंडचा, ईस्ट टामाकीला एका गोदामाचं सॉफ्टवेअर सांभाळणारा. लग्न मे महिन्यात, रोटोटुनाच्या हॉलमध्ये. आमच्या आईचं खुब्याचं ऑपरेशन झालेलं, पुण्याहून तिला येणं शक्यच नव्हतं. फोनवर म्हणाली, "बाकी काही नको गं मला. अंतरपाट खाली येताना तिचं तोंड तेवढं बघायचंय." मी डबा घेऊन शेजारी गेले आणि आजोबांना अंतरपाट म्हणजे काय ते समजावलं. वधूवरांच्या मधे कापड धरतात, मंगलाष्टकं संपली की खाली घेतात आणि दोघं एकमेकांना बघतात. आजोबा उठून उभेच राहिले. "दोन माणसं, मधे पडदा, आणि मागून प्रकाश," ते म्हणाले. "मुहूर्त किती वाजताचा?" मी म्हटलं, दुपारी बारा वीस. "अशक्य. बारा वीसला इथला सूर्य उत्तरेला बसून नुसता चेष्टा करतो."

मग मी त्यांची आणि गुरुजींची गाठ घालून दिली. आमचे गुरुजी आठवडाभर कॉम्प्युटरची नेटवर्कं जोडतात आणि शनिवार-रविवारी लग्नं लावतात. मला वाटलं, आता जुंपणार. गुरुजींनी पंचांग काढलं, आजोबांनी सूर्याच्या वेळांची वही काढली. दोघांनाही वेळेचं वेड आणि उशिरा येणाऱ्यांचा सारखाच राग. अर्ध्या तासाने मी चहा घेऊन गेले तर दोघं डोक्याला डोकं लावून बसलेले. गुरुजी म्हणाले, "ताई, यांना गोरज मुहूर्त चालेल. सूर्यास्ताच्या वेळेचा. गाईगुरं घरी येतात, धूळ उडते, ती वेळ." आजोबा भारावून माझ्याकडे बघत म्हणाले, "प्रोड्यूसर, तुमच्या पूर्वजांत नक्की कुणीतरी कॅमेरामन होता." गाईंना इथे काय तोटा! फक्त आमच्या या वायकाटो भागात धूळ उडत नाही, चिखल उडतो. दिशांवरून गुरुजींनी थोडी कुरकुर केली, पण पश्चिमेच्या मोठ्या काचा नवरदेवाच्या पाठीशी घ्यायला शेवटी कबूल झाले. हॉलवाल्याला आणि जेवणवाल्याला नव्या वेळा कळवताना माझ्या तोंडाला फेस आला, ते कुणीच विचारलं नाही.

लग्नाच्या दिवशी सकाळपासून आभाळ भरलेलं. आजोबा कडक इस्त्रीचा कोट घालून, चावीचा जुना कॅमेरा तिकाटण्यावर चढवून दुपारी दोनपासून एकाच जागी उभे. त्या कॅमेऱ्याला एकदा चावी दिली की तो अर्धा मिनिट चालतो, मग पुन्हा चावी. सगळं ठरलं होतं: पाच मंगलाष्टकं, आणि शेवटचं सुरू झालं की कॅमेरा सुरू. पावणेतीन मिनिटांत अंतरपाट खाली. मी करवली म्हणून बहिणीच्या मागे दिवा घेऊन उभी होते. चौथं मंगलाष्टक संपत आलं आणि ढगाखालून, अगदी क्षितिजाला टेकून, ऊन आत आलं. सगळा हॉल हळदीच्या रंगाचा झाला. मी मान वळवून पाहिलं. आजोबांनी उजवा डोळा कॅमेऱ्याला लावला होता आणि हात चावीवर होता. पाचवं सुरू झालं, कॅमेऱ्याची घरघर ऐकू आली, आणि मी देवाचे आभार मानले.

देवाचे आभार मानायची मला जरा घाईच झाली. पाचवं संपलं, गुरुजींनी पुढच्या मंत्रासाठी श्वास घेतला, आणि ऑकलंडच्या पेनरोजहून आलेल्या नवरदेवाच्या काकूंनी पर्समधून घडी घातलेला कागद काढला. अगं बाई! मराठी लग्नात कुणीतरी स्वतः रचलेलं मंगलाष्टक म्हणतंच, हे पोलंडच्या माणसाला सांगायला मी साफ विसरले होते. काकूंनी तीन कडवी रचली होती. त्यात दोन्हीकडचे आजी-आजोबा होते, विमानप्रवास होता, व्हिसा होता आणि नवरदेवाचं नवं पद होतं. जे वृत्तात बसत नव्हतं ते त्यांनी ओढून, ताणून, प्रसंगी दोनदा म्हणून बसवलं. मी डोळ्यांनी आजोबांना 'थांबा, थांबा' खुणावत होते. पण कॅमेऱ्याला डोळा लावलेला माणूस बाकी काही बघत नाही. मधेच घरघर थांबायची, चावीची करकर व्हायची, पुन्हा घरघर. मला काकूंचा असा राग आला होता की हातातला दिवा त्यांच्या कागदाला लावावासा वाटला. अखेर ताशा वाजला, अंतरपाट खाली आला, अक्षता पडल्या. आजोबांचा डोळा अजून कॅमेऱ्यालाच होता. गर्दीतून वाट काढत मी गेले आणि धपापत विचारलं, "मिळालं?" ते वर बघून इथल्या पोरांसारखं म्हणाले, "स्वीट ॲज." म्हणजे एकदम झकास. पांढऱ्या केसांत तांदूळ अडकले होते. मला तिथेच रडू फुटलं, आणि लोकांना वाटलं बहिणीच्या पाठवणीचं.

पण एवढं होऊन त्यांनी तो रोल धुवायला पाठवलाच नाही! पुन्हा फ्रीजमध्ये. "आत आहे तोवर कुणी बिघडवू शकत नाही," म्हणे. आई पुण्याहून दर रविवारी विचारायची. तिने तोवर कुणाच्या तरी मोबाइलवरचं पाहिलं होतं, त्यात अर्धा वेळ काढणाऱ्याचा अंगठा होता. मी आजोबांना विनवलं, रागावले, महिनाभर श्रीखंड बंद केलं. शेवटी दोन वर्षांनी, जेव्हा ते भिंतीला हात लावून चालू लागले तेव्हा, स्वतःच कुंपणाशी आले आणि डबा माझ्या हातात देऊन म्हणाले, "पाठव, प्रोड्यूसर. आता मला बघून वाईट वाटायची भीती राहिली नाही."

परदेशातल्या लॅबमधून तो पेनड्राइव्हवर उतरून यायला तीन महिने लागले. त्या संध्याकाळी आमच्या हॉलमध्ये, त्यांनीच लावलेल्या पिवळ्या दिव्यांत, मी त्यांना शेजारी बसवलं आणि लॅपटॉप लावला. आवाज नव्हताच. पडद्यावर फक्त अंतरपाट होता, मागून उजळलेला, आणि त्यावर नवरदेवाची सावली, मुंडावळ्यांसकट. अलीकडे माझी बहीण, हातात हार. मी तिच्या मागे उभी होते, मला तेव्हा तिचं तोंड दिसलंच नव्हतं. ती आधी शहाण्यासारखी खाली बघत होती. मग बहुधा काकूंचा व्हिसा सुरू झाला असावा, कारण तिला हसू आवरेना. तिने इकडेतिकडे चोरून पाहिलं, हार एका हातात घेतला, आणि एक बोट पुढे करून कापडावरच्या त्या सावलीचं नाक हळूच दाबलं. सावली दचकली. आणि पडदा पांढरा झाला. रोल संपला होता.

मी परत मागे नेऊन पाहिलं. नव्हतंच पुढे काही. शेजारी आजोबा ताठ बसले होते, डोळे लॅपटॉपच्या जरा डावीकडे. आयुष्यभर राखून ठेवलेला रोल, आणि तो माझ्या विसराळूपणाने आणि त्या काकूंच्या तीन कडव्यांनी खाल्ला. मला सांगायचा धीर झाला नाही. मी नाकापर्यंतचं सगळं खरं सांगितलं आणि पुढे रेटून म्हटलं, "मग अंतरपाट खाली आला. दोघं एकमेकांकडे बघून हसतायत. फार सुंदर आलंय."

"खोटं बोलतेस," आजोबा म्हणाले. "रोल नाकाशी संपला. मी मोजत होतो."

"मग थांबवला का नाहीत? मी खुणा करत होते! आईला अंतरपाट..."

"चावी संपली होती. पुन्हा चावी द्यायची, की उरलेली फिल्म अंतरपाटासाठी राखायची, एवढंच ठरवायचं होतं. तेवढ्यात त्या मुलीने बोट पुढे केलं. कापड खाली पडलेलं सगळ्यांच्याच फोनमध्ये आहे. मी त्यानंतर रिकामा कॅमेरा धरून उभा होतो. तू आनंदात होतीस, म्हणून सांगितलं नाही."

दुसऱ्या दिवशी मी आईला तेवढंच पाठवलं. तिने फोन केला, "काय गं हे, पावणेतीन मिनिटं नुसतं कापड, आणि जावयाचं तोंडच नाही!" मग म्हणाली, "लहानपणी ती झोपलेल्या बाबांचं नाक असंच दाबायची. आठवतं तुला?" आणि तिने फोन ठेवला, परत बघायचंय म्हणून.

२०१९च्या हिवाळ्यात आजोबा गेले. पोलंडहून आलेल्या त्यांच्या मुलीने घर विकायच्या आधी तो जुना फ्रीज आम्हाला दिला, आणि त्यात आम्ही आता आइस्क्रीम ठेवतो. पण त्या संध्याकाळचं मला अजून राहून राहून आठवतं. मी लॅपटॉप बंद केला होता, आजोबा उठून कुंपणाच्या दिशेने हात चाचपत निघाले होते. दारात थांबून, मागे न वळता, त्यांनी विचारलं, "प्रोड्यूसर, नाकाचं राहू दे. प्रकाश आला होता ना?"

"आला होता, आजोबा," मी म्हटलं. "वेळेवर आला होता."